इमारतीवर राजचिन्ह लावायचंय? आधी इमारत कुणाची ते सांगा

आमचा धंदा पाट्यांचा. पितळी अक्षरं, स्टीलची अक्षरं, एसीपीचे (ॲल्युमिनियमच्या पातळ शीटचे) बोर्ड, संगमरवरी कोनशिला. दवाखान्यापासून कचेरीपर्यंत पडेल ते काम करतो. अधूनमधून कुणीतरी मोबाइल पुढे धरतोच, "हे तीन सिंहांचं कमानीवर मधोमध पाहिजे. पितळेत केवढ्याला पडेल?" भाव सांगायच्या आधी मी एकच विचारतो, इमारत कुणाची? बऱ्याच ऑर्डरी तिथेच संपतात.

लोकांना राग येतो. "आम्ही काय परके आहोत का? देशाचंच चिन्ह आहे ना?" आहे. पण माणसं तिरंगा आणि राजचिन्ह एकाच पिशवीत टाकतात. तिरंगा २००२ च्या ध्वजसंहितेने सगळ्यांना मोकळा झाला. २००४ मध्ये नवीन जिंदाल यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने तो सन्मानाने फडकवणं हा नागरिकाचा मूलभूत हक्क मानला. जुलै २०२२ पासून तर तो घरावर रात्रीही ठेवता येतो. राजचिन्ह असं कधीच मोकळं झालेलं नाही. ते दिसलं की बघणाऱ्याने "इथे सरकार बसतं" एवढंच समजायचं असतं, म्हणून ते कुणी वापरायचं हे सरकारने आपल्या हातात ठेवलंय.

पाया दोन कागदांचा. एक, राजचिन्हाच्या अनुचित वापराला मनाई करणारा २००५ चा केंद्रीय कायदा. दुसरा, त्याच्याखाली २००७ मध्ये आलेले वापराचे नियम. मनाई कायद्यात आहे. कुणी, कुठे, कशावर वापरायचं ते नियमांत. दोन्ही मिळून थोडीच पानं होतात. मी प्रिंट काढून, लॅमिनेट करून काउंटरच्या मागे टांगलेत. वाद घालणाऱ्याला बोट दाखवून वाचायला सांगतो, माझा घसा वाचतो.

कुठल्या इमारतीवर चालतं

नियम ८ सार्वजनिक इमारतींचा. त्यात आधी केंद्राच्या अतिमहत्त्वाच्या इमारती येतात: राष्ट्रपती भवन, संसद भवन, सर्वोच्च न्यायालय, केंद्रीय सचिवालयाच्या इमारती. मग राज्यांच्या: राजभवन किंवा राजनिवास (नियमात हीच नावं आहेत, २०२५ च्या अखेरीपासून त्यांना लोकभवन, लोकनिवास म्हणतात), विधिमंडळ, उच्च न्यायालय आणि सचिवालय, म्हणजे आपल्याकडे मंत्रालय. यालाही अट आहे की त्या राज्याने राजचिन्ह स्वीकारलेलं असावं किंवा आपल्या राज्यचिन्हात सामावून घेतलेलं असावं. पुढे परदेशातल्या आपल्या वकिलाती, वकिलातप्रमुखांची निवासस्थानं, आणि वाणिज्य दूतावासांची प्रवेशद्वारं. तिथे त्या देशाचे कायदे आणि रीतिरिवाजही सांभाळायचे.

झाली यादी. एका दमात वाचून होते. आता तालुक्याच्या मुख्य चौकात उभे राहा आणि दिसतील त्या सरकारी इमारती मोजा. तहसील, पंचायत समिती, पोलीस ठाणं, भूमी अभिलेख, ग्रामीण रुग्णालय. यातली एकही वरच्या यादीत नावाने नाही. तरी कितीतरी ठिकाणी पोर्चवर सिंह बसलेले दिसतात, हे मलाही दिसतं. "शेजारच्या तालुक्यात आहे की" हे वाक्य मी इतक्या वेळा ऐकलंय की आता हसू येतं. शेजारच्या इमारतीला कुणीतरी लेखी आदेश दिला असेल, किंवा कुणी काही न विचारता लावून टाकलं असेल. त्यांचा कागद त्यांच्याकडे. तुमचा तुम्ही आणा.

नियम १० मात्र अगदी तोंडावर बोलतो. ज्यांना या नियमांनी अधिकार दिलेला नाही असा कोणताही आयोग, समिती, सार्वजनिक उपक्रम, बँक, नगरपरिषद, पंचायत राज संस्था, परिषद, स्वयंसेवी संस्था किंवा विद्यापीठ हे चिन्ह कोणत्याही प्रकारे वापरू शकत नाही. हे वाचून दाखवलं की सरपंच मंडळींचा चेहरा उतरतो, कारण मला येणाऱ्या विचारणांत ग्रामपंचायतीच सगळ्यात जास्त. नवीन इमारत झालेली असते, निधी शिल्लक असतो, आणि गावाला वाटतं की सिंह बसले की कचेरीला वजन येईल. मी म्हणतो, "सरपंच, तुमची हौस कळते. पण 'पंचायत' हा शब्दच नियमात लिहून ठेवलाय. मी डोळे मिटले तरी तो पुसला जाणार नाही."

माजी लोकांचाही त्यात उल्लेख आहे, तोही नाव घेऊन: माजी मंत्री, माजी खासदार, माजी आमदार, माजी न्यायाधीश, निवृत्त अधिकारी. एकदा एक मुलगा वडिलांच्या बंगल्याच्या गेटसाठी आला. वडील मोठ्या हुद्द्यावरून निवृत्त झालेले, पंच्याहत्तरीची भेट द्यायची होती. "नानांची सगळी हयात सरकारी नोकरीत गेली हो." भावना खरीच होती. मी त्यांना सागवानी फळीवर पितळी अक्षरांत नाव, खाली हुद्दा आणि त्यापुढे 'निवृत्त' असं करून दिलं. सिंह नाहीत. नानांनाच ते जास्त आवडलं म्हणे. सरकारी माणसाला नियम माहीत असतात, पोरांना नसतात.

आता जिथे सगळ्यात जास्त घोळ होतो ती गोष्ट. पत्र, गाडी आणि इमारत यांचे हक्क नियमांनी वेगवेगळे वाटलेत. आमदार-खासदारांना आपल्या सरकारी पत्रावर हे चिन्ह छापता येतं. पत्रावर कुणी छापायचं याची यादी नियमांना जोडलीय, तीत त्यांचं नाव आहे. म्हणून त्यांचे कार्यकर्ते येतात आणि संपर्क कार्यालयाच्या दर्शनी भागावर तेच मागतात. लेटरहेडचा हक्क भिंतीवर चढत नाही. गाडीची यादी तर आणखी निराळी आणि फार आखूड आहे. राष्ट्रपती, राज्यपाल अशा मोजक्या पदांपुरती. तेव्हा ग्राहकाने "साहेबांना अधिकार आहे" म्हटलं की लगेच विचारा, कशावर वापरायचा अधिकार?

काही हुशार लोक पळवाट काढतात. "तीनऐवजी दोन सिंह करा, घोडा काढून ट्रॅक्टर टाका, मग ते राजचिन्ह राहत नाही." राहतं. कायद्याचं कलम ३ हुबेहूब चिन्हाइतकंच त्याच्यासारख्या दिसणाऱ्या नकलेलाही लागू आहे. बघणाऱ्याचा हे सरकारी आहे असा समज होईल अशा रीतीने, केंद्र सरकारच्या पूर्वपरवानगीशिवाय, दोन्हींचा वापर बंद. कलम ४ धंद्यासाठी वापरण्याबद्दल आहे, आणि ते आम्हा पाटीवाल्यांनी नीट वाचावं, कारण दुकानाच्या बोर्डावर, व्हिजिटिंग कार्डावर, जाहिरातीत "आम्ही हे बनवतो" म्हणून सिंह छापले की आपणच त्या कलमात जाऊन बसतो.

शिक्षा? कलम ७ पाहा. कलम ३ मोडलं तर दोन वर्षांपर्यंत कैद किंवा पाच हजार रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही. पुन्हा सापडलात तर कैद सहा महिन्यांहून कमी नाही. गैरफायद्यासाठी धंद्यात वापरलं तर पहिल्याच वेळी किमान सहा महिने. खटला भरायला आधी केंद्र सरकारची किंवा त्याने नेमलेल्या अधिकाऱ्याची मंजुरी लागते, त्यामुळे गल्लीबोळात कुणी धरताना दिसत नाही आणि लोक निर्धास्त होतात. तेवढ्या भरवशावर मी ऑर्डर घेत नाही. गावात दोन गट असतात आणि एका गटाने लावलेल्या सिंहांचा फोटो दुसरा गट जपून ठेवतो.

मग ज्यांना चालत नाही त्यांनी काय लावावं? स्वतःचं बोधचिन्ह. नगरपालिकांची असतात, महापालिकांची तर जुनी आणि देखणी आहेत. मुंबई महापालिकेच्या चिन्हावर 'यतो धर्मस्ततो जयः' आहे आणि त्या संस्थेला त्याने काही कमीपणा आलेला नाही. नाहीतर गावाचं नाव मोठ्या, सुबक अक्षरांत. राज्य शासनाची समई असलेली गोल मुद्रा पर्याय म्हणून सुचवणारेही भेटतात. ती शासनाची मुद्रा आहे, तिलाही कागद लागतो. आणि दोन्ही एकत्र करून, मुद्रेच्या गोलात सिंह बसवून आणलेलं एक डिझाइन मी पाहिलंय. ते बघून काय बोलावं सुचलं नाही.

कागद कसा असावा

वर्क ऑर्डर म्हणजे परवानगी नव्हे. ठेकेदार तीच पुढे करतो. त्याहून गमतीचा प्रकार म्हणजे नकाशा. आर्किटेक्टच्या ऑफिसातला मुलगा एलिव्हेशन, म्हणजे दर्शनी बाजूचं चित्र, रिकामं दिसतं म्हणून पोर्चवर सिंह डकवतो, तो नकाशा मंजूर होतो, अंदाजपत्रकात 'शोभेचे चिन्ह, एक नग' अशी ओळ येते, आणि शेवटी सगळे म्हणतात "मंजूर ड्रॉइंगमध्ये आहे". नकाशा इमारतीचा मंजूर झाला. चिन्हाचा विचार त्यात कुणी केलेला नसतो.

मला लागतो तो कागद असा: खात्याच्या सक्षम अधिकाऱ्याचं पत्र, जावक क्रमांक आणि तारखेसह, त्यात इमारतीचं पूर्ण नाव आणि पत्ता, चिन्ह इमारतीच्या नेमक्या कुठल्या भागावर लावणार ते, आणि कोणत्या नियमाखाली किंवा कोणत्या परवानगी पत्राने, ते. शेवटचं नसेल तर बाकीचं सगळं असून उपयोग नाही. इमारत यादीत नावाने असेल तर नियमाचा उल्लेख पुरतो. नसेल तर केंद्र सरकारची परवानगी, म्हणजे गृह मंत्रालय. अर्ज आपल्या विभागामार्फत वर पाठवावा, ठेकेदाराने परस्पर नाही. खात्यातला बाबू "पत्र कसं लिहायचं" विचारतो, तेव्हा मी हा मजकूर देतो:

"विषय: अमुक इमारतीच्या दर्शनी भागावर भारताचे राजचिन्ह लावण्याबाबत परवानगी मिळणेबाबत. महोदय, अमुक विभागाच्या अमुक येथील नवीन कार्यालयीन इमारतीच्या मुख्य प्रवेशद्वारावर राजचिन्ह लावण्याचे प्रस्तावित आहे. सदर इमारत राजचिन्ह वापर नियम, २००७ मधील नियम ८ मध्ये नामनिर्देशित इमारतींत मोडते अथवा कसे, याबाबत मार्गदर्शन व्हावे. मोडत नसल्यास केंद्र शासनाची पूर्वपरवानगी घेण्यासाठी प्रस्ताव पुढे सादर करावा, ही विनंती. चिन्हाचा आराखडा, माप, साहित्य आणि इमारतीच्या दर्शनी भागाचे रेखाचित्र सोबत जोडले आहे."

"मोडते अथवा कसे" ही शब्दरचना मुद्दाम आहे. परवानगी द्याच असं लिहिलं की फाइल टेबलाटेबलावर झोपते. प्रश्न विचारला की कुणाला तरी उत्तर द्यावं लागतं. उत्तर येईपर्यंत भिंतीत जागा सोडून ठेवा, वाटल्यास मागची चौकट बसवून घ्या. सिंह नंतर.

नमुना कुठला घ्यायचा

इंटरनेटवरून उतरवलेली फाइल घेऊ नका. हे मी पहिल्यांदा सांगतो आणि शेवटीही तीच फाइल पेनड्राइव्हमध्ये येते. चिन्ह कसं दिसावं हे कायद्याच्या अनुसूचीत शब्दांत लिहिलंय आणि परिशिष्टांत चित्र दिलंय. परिशिष्ट १ मधलं चित्र साधं, पत्रं-शिक्के अशा लहान आकारासाठी. परिशिष्ट २ मधलं तपशिलाचं, मोठ्या आकारासाठी. इमारतीला दुसरं घ्यायचं. लहानातलं चित्र तीन फुटांपर्यंत ताणलं की सिंहांची आयाळ शेवयांसारखी दिसते.

अनुसूचीतलं वर्णन थोडक्यात असं. मूळ शिल्प सारनाथचं, अशोकाच्या स्तंभाचं शीर्ष. १९०४-०५ च्या उत्खननात सापडलं आणि आजही तिथल्या संग्रहालयात आहे. त्यात पाठीला पाठ लावून चार सिंह, खाली गोल पट्टा, पट्ट्यावर हत्ती, घोडा, बैल, सिंह आणि मधेमधे धर्मचक्रं. राजचिन्ह म्हणजे त्याचं समोरून दिसणारं रूप: तीन सिंह, पट्ट्याच्या मधोमध चक्र, उजवीकडे बैल, डावीकडे धावता घोडा, आणि दोन्ही टोकांना चक्रांच्या नुसत्या कडा. खालचं घंटेच्या आकाराचं कमळ वगळलंय. पट्ट्याखाली देवनागरीत 'सत्यमेव जयते', आणि ते चिन्हाचा भाग आहे. वेगळी सुविचाराची ओळ म्हणून ते धरू नका. ते नसेल तर चिन्ह अर्धवट.

माझ्याकडे आलेली फाइल मी पडद्यावर मोठी करतो आणि सिंहांकडे बघतच नाही. सगळे सिंहांकडे बघतात, म्हणून चुका खाली पट्ट्यात राहतात. आधी पट्ट्याची दोन टोकं. तिथे चक्रांच्या अरुंद कडा हव्यात. स्वस्तातल्या फाइलींत टोकं कोरी असतात. मग मधल्या चक्राचे आरे मोजतो, सारनाथच्या पट्ट्यावरच्या चक्राला चोवीस आहेत. मग घोडा आणि बैल. फाइल उलटी झाली असेल तर ते जागा बदलतात, आणि ही भानगड आमच्या धंद्यात सहज होते. ॲक्रिलिकला मागून कोरायचं असतं तेव्हा ऑपरेटर चित्र आरशासारखं फिरवतो. खालची अक्षरं उलटी दिसली तर लहान पोरही ओरडेल. पण अक्षरं वेगळ्या लेयरवर असली, तर ती सरळच राहतात आणि वर घोडा बैलाच्या जागी गेलेला कुणाच्या लक्षात येत नाही. सीएनसीवर, म्हणजे कॉम्प्युटरवर चालणाऱ्या कटाई मशीनवर, शीट चढवण्याआधी कागदावर प्रिंट काढा आणि बोट ठेवून म्हणा: माझ्या डाव्या हाताला घोडा, उजव्या हाताला बैल. मग बटण दाबा.

कमळ परत आणणारे असतात, कारण सारनाथच्या फोटोत ते दिसतं आणि छान दिसतं. नाही लावायचं. भोवती गोल किंवा लंबगोल चौकट ही सरकारी शिक्क्याची रचना आहे, कचेरीचं नाव तिच्या आत असतं. भिंतीवर ती आणू नका. कडेने गव्हाच्या ओंब्या नकोत, मागून सूर्यकिरण नकोत, पट्ट्याला तिरंगी रंग नको. 'सत्यमेव जयते' आपल्या आवडीच्या फाँटमध्ये लिहू नका, परिशिष्टातल्या अक्षरांवरून घ्या. कोरलमध्ये (आमचं डिझाइनचं सॉफ्टवेअर) आकार बदलताना कोपरा धरून ओढा. बाजू धरून ओढलं की सिंह लठ्ठ होतात. दोन खिडक्यांमधल्या पॅनेलात 'फिट' बसवलेलं चिन्ह हमखास असं असतं.

"एक सिंह कमी आहे" अशी तक्रार करणाराही भेटतो. चौथा मागे आहे, सपाट चिन्हात दिसायचा नाही. गोल, चारी बाजूंनी दिसणारं शिल्प करायचं तर तो दिसतो. नव्या संसद भवनावरचं तसं आहे: साडेसहा मीटर उंच, कांस्याचं, ९,५०० किलोचं, ११ जुलै २०२२ ला त्याचं अनावरण झालं. त्याच्या घडणीत आपले मराठी शिल्पकार सुनील देवरे होते, रोमिएल मोझेस यांच्याबरोबर. सिंह फार उग्र दिसतात म्हणून केवढा गदारोळ झाला, प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं, आणि ३० सप्टेंबर २०२२ ला न्यायालयाने याचिका फेटाळली. काय वाटतं ते बघणाऱ्याच्या मनावर आहे, कायद्याचा भंग दिसत नाही, असं म्हटलं. तेव्हापासून काही कारागीर दात-जबडे वाढवून ठेवतात आणि "संसदेवर आहे तसं" सांगतात. खालून वर बघताना मोठ्या शिल्पाचे जबडे वेगळे दिसतातच. तुम्ही परिशिष्ट २ धरा, त्यात जेवढे दात आहेत तेवढेच करा.

बनवताना आणि लावताना

किती मोठं करावं, जमिनीपासून किती फुटांवर लावावं, याचं माप इमारतींच्या नियमात नाही. तिथे आपली अक्कल. मी पुठ्ठ्यावर किंवा जुन्या फ्लेक्सवर खऱ्या मापाचं कापून घेतो, गच्चीवरून दोरीने सोडतो आणि गेटपाशी जाऊन बघतो. खालची अक्षरं तिथून वाचता आली पाहिजेत. दुसऱ्या मजल्याच्या वर दोन फुटी चिन्ह म्हणजे नुसता डाग. मोठं करायला पैसे नसतील तर खाली, प्रवेशाच्या वर घ्या.

पितळेचं ओतकाम आम्ही कोल्हापूरच्या फाउंड्रीत करून घेतो. पितळ गार होताना आकसतं, म्हणून पॅटर्न, म्हणजे साचा ज्यावरून घेतात तो नमुना, थोडा मोठा करावा लागतो. ते फाउंड्रीवाल्याला कळतं. त्याला कळत नाही ती अक्षरं. वाळूच्या साच्यात 'मे' आणि 'ते' वरच्या मात्रा लोळतात, 'त्य'चं जोडाक्षर भरून एक गोळा होतो, आणि पॉलिश झाल्यावर कुणी नीट वाचत नाही. म्हणून अक्षरं मी लेझरने वेगळी कापतो. पण ती भिंतीवर वेगळी ठोकत नाही. सिंह, पट्टा आणि अक्षरं एकाच बेसप्लेटवर बसवतो, परिशिष्टातल्या प्रमाणातच. वेगवेगळी ठोकली की काही पावसाळ्यांनी अक्षरं एकेक करून गळतात. मी एका कचेरीवर नुसतं 'मेव यते' उरलेलं पाहिलंय.

भिंतीवर चढवलेल्या एसीपीच्या क्लॅडिंगवर पितळ टांगू नका, ती शीट वजन घेत नाही. बोल्ट मागच्या भिंतीत किंवा फ्रेममध्ये गेला पाहिजे. अँकर, स्क्रू, वॉशर सगळं स्टेनलेस ३०४. साधा लोखंडी स्क्रू गंजला की तांबडा ओघळ नेमका अक्षरांवरून खाली येतो. भिंत आणि प्लेट यांच्यात बोटभर फट ठेवा, पाणी निघून जाईल. फायबरचं स्वस्त पडतं आणि हलकं असतं, पण उन्हाने पिवळं पडतं आणि मग कुणीतरी त्यावर सोनेरी स्प्रे मारतो. बजेट नसेल तर स्टीलमध्ये करा.

आजूबाजूला काय आहे तेही बघा. वर एसीचं आउटडोअर युनिट, शेजारी पावसाच्या पाण्याचा पाइप, खाली "स्वागतोत्सुक" फ्लेक्स बांधायचे हूक, असल्या जागेवर मी बसवत नाही. नियमात हूकांबद्दल काही नाही; मला पटत नाही, एवढंच. दिवा लावायचाच तर वरून किंवा खालून साधा पिवळसर. सिंहांच्या डोळ्यांत लाल एलईडी मागणारा माणूस कल्पनेतला नाही, तो माझ्या दुकानात येऊन गेलाय.

जुन्या इमारतीवर चुन्यात किंवा सिमेंटमध्ये काढलेलं चिन्ह असेल तर रंगाऱ्याला एकटा सोडू नका. दर दिवाळीला थर चढत गेला की बैल बटाट्यासारखा होतो आणि अक्षरं बुजतात. आधी जुने थर हलक्या हाताने खरवडून काढा, परिशिष्टाची प्रिंट हातात ठेवून कडा उघड्या करा, मग एकाच रंगाचा एकच पातळ हात द्या. पितळ असेल तर त्यावर लॅकर, म्हणजे चमक टिकवणारा पारदर्शक थर, लावलेलं असतं; शिपायाने हौसेने चिंच-मीठ घासलं की ते जातं आणि पितळ काळवंडायला लागतं. ओल्या फडक्याने पुसायचं, बस. ही सूचना मी कचेरीत लिहून देतो, कारण तोंडी सांगितलेलं पुढच्या बदलीबरोबर जातं.

कोनशिलेबद्दलही विचारतात. संगमरवरावर उद्घाटकांच्या नावाच्या वर सिंह कोरायची पद्धत पडली आहे. दगड भिंतीत बसणार म्हणजे तोही इमारतीवरच आला. कागद असेल तर कोरतो, नसेल तर वर नुसती वेलबुट्टी. शाळांच्या बाबतीत तर अजिबात घोळ नको: सरकारी पाठ्यपुस्तकात धड्याच्या ओघात या चिन्हाची माहिती आणि चित्र देता येतं, ती सोय नियमांत आहे, त्यावरून शाळेच्या गेटवर बसवता येतं असा अर्थ काढू नये.

काम झाल्यावर फाइलमध्ये चार गोष्टी राहू द्या: परवानगीचं पत्र, खात्याची सही असलेलं खऱ्या मापाचं ड्रॉइंग, बसवल्यानंतरचा समोरून काढलेला फोटो आणि बिल. बिलावर 'शोभेचे चिन्ह' असं मोघम लिहू नका. 'राजचिन्ह, परिशिष्ट २ प्रमाणे, पितळ', माप, आणि पत्राचा क्रमांक लिहा. तो फोटो दुकानाच्या स्टेटसवर टाकू नका, कलम ४ बद्दल आधी सांगितलंच आहे. पॅटर्न आणि साचा खात्याच्या ताब्यात देऊन पोच घ्या. ते नको म्हणाले तर त्यांच्या माणसासमोर फोडा आणि तसं त्याच फाइलीत नोंदवा, म्हणजे पुढच्या वर्षी कुणी त्याच साच्यातून बंगल्याच्या गेटसाठी एक काढून मागायला येणार नाही.